आमच्या हिटरचं पिचिंग

"सर, मला पिचिंग करायचंय," असं ती म्हणाली तेव्हा मैदानावर सगळ्याजणी हसल्या. मी हसले नाही. मी तिच्या तोंडाकडे बघत राहिले.

असं काही मागायचं तिला कारणच नव्हतं. आमच्या महिला बेसबॉल टीमची ती हिटर. तिच्या बॅटवर नीट बसलेला बॉल महापालिकेच्या मैदानाची भिंत ओलांडून पलीकडच्या पाण्याच्या टाकीच्या आवारात पडायचा. टाकीचा वॉचमन तो परत फेकताना न बघताच तिच्या नावानं ओरडायचा. दुसऱ्या टीमच्या मुली आम्हाला 'त्या मारणारीची टीम' म्हणायच्या. सामना हातातून जायला लागला की आम्ही बाकावर बसून एकच विचार करायचो, तिची पाळी कधी येते. अशी बाई एका गुरुवारी सकाळी येते, बॅट पिशवीतून बाहेरही काढत नाही आणि पिचिंग मागते.

सर तिच्याकडे बघत म्हणाले, "बघू. टाक दोन-चार."

हेही मला खटकलं. आमचे सर कुणाला जागा बदलून देत नसत. मी गुडघे दुखतात म्हणून कॅचरची जागा सोडायची म्हटली होती, तेव्हा त्यांनी मला गुडघ्याचे व्यायाम सांगितले होते. आणि हिला मागितल्याबरोबर हो?

कुठंतरी पाणी मुरत होतं.

मी संशयी आहे, हे मला ठाऊक आहे. पण तो काही माझा एकटीचा गुण नाही. मी मोशीची. आमच्या भावकीत जमिनीवरून इतकी वर्षं चाललंय की कुणी पेढे घेऊन आलं तरी आई पेढ्यांकडे बघत नाही. आणणाऱ्यानं चपला किती घाईनं काढल्यात ते बघते. सासर माझं त्याच गावात, दोन गल्ल्या सोडून. तिथंही वेगळं काही नाही. आणि मैदानावर माझी जागा कॅचरची. बाकी सगळ्या खेळाडू बॅटरकडे तोंड करून उभ्या असतात, मी बॅटरच्या मागे उकिडवी बसून त्या सगळ्यांकडे बघत असते. पहिल्या बेसवरची मुलगी टाच कधी उचलते, दुसऱ्या बेसकडे कधी पळायचा तिचा बेत आहे, बॅटरनं मूठ कुठं सरकवली, हे सगळं टिपायचं. कॅचरनं कुणावर विश्वास ठेवून चालत नाही.

ती मात्र माझी मैत्रीण होती. ती मूळची बीडकडची, लग्नानंतर भोसरीला आलेली. आम्ही दोघी चाकणच्या एकाच कंपनीत होतो, गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या. ती फायनल इन्स्पेक्शनला, म्हणजे तयार झालेला प्रत्येक पार्ट ट्यूबलाइटखाली धरून ओरखडा, चीर, कचरा बघायचा आणि मगच पुढं पाठवायचा. मी स्टोअरला. कंपनीच्या बसमध्ये आम्ही शेजारी बसायचो. सुट्टी गुरुवारची, म्हणून टीमचा सरावही गुरुवारी. माझ्या घरातलं सगळं तिला माहीत होतं. तिच्या घरातलं मला माहीत आहे, असं मी समजत होते.

तिचा हात मुळातच दणकट. ती राइट फील्डला, म्हणजे पार मागं उजव्या कडेला असायची आणि तिथून थेट माझ्या ग्लव्हमध्ये बॉल टाकायची. त्यामुळे पिचिंग तिला लवकर जमलं. सरांनी तिला पायांची हालचाल बसवून दिली. थंडी पडायच्या आत तिच्याकडे दोन बॉल तयार झाले, एक जोरात येणारा आणि एक तसाच हात फिरवून हळू सोडलेला. बॅटर जोरातच्या बेतानं बॅट फिरवायची आणि हळू बॉल मागून निवांत यायचा. पाहणाऱ्यांना मजा वाटायची. मला वाटायची नाही, कारण तिनं पहिल्याच आठवड्यात एक विचित्र अट घातली होती.

बेसबॉलमध्ये कोणता बॉल टाकायचा ते कॅचर खुणेनं सांगते. मांड्यांच्या मध्ये बोटं दाखवायची, एक म्हणजे जोरात, दोन म्हणजे हळू. पिचर मान हलवते आणि टाकते. तिनं मला बाजूला घेतलं आणि म्हणाली, "ते बोटांचं नको."

"मग?"

"मीच सांगत जाईन. टोपीला हात लावला तर हळू, पट्ट्याला लावला तर जोरात."

"अगं, मग ते बॅटरला पण दिसेल की."

"दर इनिंगला बदलू."

"पण खुणा कॅचर देते. सगळीकडं तसंच असतं."

"असू दे सगळीकडं," ती म्हणाली. "आणि ते नवं काळं चेस्ट गार्ड घालू नको. जुनं नारिंगी घाल. ते मला लकी हाय."

लकी! ही बाई मांजर आडवं गेलं तर थांबून त्याला बिस्कीट घालायची. तिला कधीपासून काही लकी-अनलकी व्हायला लागलं? जुन्या गार्डचा स्पंज दबला होता, बॉल लागला तर छातीत कळ यायची. तरी मी ते घातलं. घातलं, पण मनात नोंद करून ठेवली.

मग मी नोंदी करतच गेले. बॅटिंगला ती आता शेवटच्या नंबरावर जायला लागली. "पिचरनं खांदा राखायचा असतो," असं ती सांगायची. तिथंही ती बॅट खांद्यावर ठेवून नुसती उभी राहायची. चार बॉल बाहेर गेले की फुकटात पहिला बेस मिळतो, तो मिळाला तर चालत जायची. नाही मिळाला तर तीन स्ट्राइक घेऊन, म्हणजे बाद होऊन, मुकाट्यानं बाकावर. एखादेवेळी बॅट फिरवलीच तर बॉल कुठं आणि बॅट कुठं. सरावातही हिटिंगची वेळ आली की तिचं काहीतरी काम निघायचं. एकदा फेकलेला लिंबासारखा सोपा बॉल तिनं सोडून दिला, तेव्हा मी मास्कच्या आतून म्हणाले, "काय गं, मारायचं विसरलीस?" तिनं मनगटानं डोळे चोळले. डोळे ती कायम चोळायची. शिफ्टची झोप, असं मी धरून चालले होते.

कंपनीतही तिचं वागणं बदललं. ती जेवणाच्या सुट्टीत स्टोअरला येऊन बसायला लागली. आधी वाटलं गप्पांना येते. पण ती गप्पा मारायची नाही. कोणता माल कोणत्या रॅकला, गाडी आली की काय करायचं, कॉम्प्युटरवर काय टाकायचं, असं विचारत राहायची. एक दिवस म्हणाली, "तुमच्याकडं एक माणूस कमी हाय ना गं?"

ते मी संध्याकाळी आईला सांगितलं. आई भाजी निवडत होती, तिनं हात थांबवला.

"आगं, कुनी उगाच चाल बदलत न्हाई," आई म्हणाली. "तुज्या जागंवर डोळा हाय तिचा."

"तिला काय करायचीय माझी जागा? तिची चांगली आहे की."

"मंग इचारती कशाला? तू लई भोळी हायेस."

मला भोळी म्हणणारी जगात एकटी आईच. पण ती बोलली ते डोक्यात राहिलं.

त्यानंतरच्या एका शनिवारी मला नात्यातल्या एका आजारी बाईला बघायला कासारवाडीला जायचं होतं, म्हणून मी मोशीला न उतरता बसमध्ये पुढं बसून राहिले. त्या दिवशी आम्हाला शेजारी जागा मिळाली नव्हती, ती मागच्या सीटवर होती. मी नेहमीसारखी उतरून गेले, असंच तिला वाटलं असणार. भोसरी आली. ती उतरली नाही. नाशिक फाट्याला उतरली आणि पाठीमागे न बघता मेट्रोचा जिना चढायला लागली. जिना चढताना कठड्याला धरून चढत होती, म्हातारी बाई चढते तशी. मला वाटलं, कुणी बघू नये म्हणून अशी कडेकडेनं चाललीय.

सोमवारी मी सहज विचारलं, "शनिवारी काय केलंस गं?"

"काय करायचं? घरी जाऊन झोपले."

खोटं बोलताना माणूस डोळ्याला डोळा देत नाही म्हणतात. ती हल्ली कधीच डोळ्याला डोळा देत नव्हती. तिची नजर माझ्या कानाच्या आसपास कुठंतरी असायची.

त्याच सुमारास मैदानावर एक बोलणं फिरत होतं. पुण्यातला एक मोठा क्लब आपल्याकडच्या मुली ओढतोय, म्हणे. मी दोन आणि दोन चार केले. मेट्रो पुण्याला जाते. क्लब पुण्याचा. तिथं हिटर भरपूर असतील, पिचर कमी असतील. म्हणून ही इथं आमच्या जिवावर पिचिंग शिकून घेतेय. सगळं चोख बसत होतं. संशयाची हीच गोष्ट आहे, तो एकदा बसला की बाकीचं सामान आपोआप त्याच्या रॅकला जाऊन लागतं.

जानेवारीत त्याच क्लबशी आमचा सामना झाला. त्यांच्या मुलींनी तिचे हळू बॉल असे मारले की जणू आधीपासून माहीत होते. एक हलका सरपटी बॉल तर तिच्या पायाजवळून गेला. वाकून उचलला असता तर बॅटर बाद झाली असती. ती वाकलीच नाही. बॉल गेल्यावर मान वळवली. मी सामना संपल्यावर सरांकडे गेले.

"सर, त्यांना खुणा कळत होत्या."

"हळू बॉल तो हळूच असतो," सर म्हणाले. "तो मारणारच."

"पण ती खुणा उघड्यावर करते. कुणी सांगितल्या असल्या तर?"

सर बॉल मोजून पिशवीत भरायला लागले. पण मनात मी ठरवलं होतं. ती खुणा विकते, नाहीतर वाटते. आणि ते नारिंगी गार्डही कशाची तरी खूण आहे. मला ते सिद्ध करायचं होतं.

पुढच्या सामन्याला मी नवं काळं गार्ड घालून गेले. ती मैदानावर उशिरा आली, कंपनीतून हाफ डे घेऊन. मी आधीच होम प्लेटमागे बसले होते. माझ्या पाठीमागे गर्द हिरवी जाळी होती, तिच्यावर दुपारची सावली पडली होती. तिनं टोपीला हात लावला. म्हणजे हळू. मी ग्लव्ह मधोमध धरला.

बॉल आला तो सरळ माझ्या खांद्याच्या हाडावर, गार्ड जिथं संपतं तिथं. आणि हळू नव्हता. डोळ्यांपुढं काजवे चमकले. दुसरा बॉल पंचांच्या डोक्यावरून जाळीत गेला. तिसरा बॅटरच्या पाठीत बसला आणि ती बिचारी ओरडत पहिल्या बेसवर गेली. मी वेळ मागून घेतली, मास्क काढला आणि तिच्याकडे निघाले. चालताना माझं ठरलेलं होतं, आज हिला सगळ्यांसमोर विचारायचं.

मी अगदी जवळ गेले तेव्हा ती एकदम म्हणाली, "तू काळं कामून घातलंस?"

"मुद्दाम मारलास ना मला?"

"तुला सांगितलं होतं नारिंगी घाल म्हणून!"

"का घालू? कुणाला खूण असते त्याची?"

"खूण?" ती म्हणाली.  "अगं, मला तू दिसतच न्हाईस."

मला वाटलं टोमणा मारतेय. आपण म्हणतो ना, मी कुणाच्या नजरेला दिसतच नाही, तसं. मी तोंड उघडलं तेवढ्यात ती हळू आवाजात बोलायला लागली. चेहऱ्यासमोर ग्लव्ह धरला होता, बाकीच्यांना वाटावं आम्ही डावपेच ठरवतोय.

"जवळून दिसतंय. तिथून न्हाई. तिथून तू नुसता डाग असतीस. नारिंगी असलीस तर डाग तरी दिसतो, काळी असलीस तर मागच्या जाळीत जातीस. आज तू दिसंना, घाबरून हातातनं जोरात सुटला. बोटं तर कधीच दिसली न्हाईत."

"आणि बॅटिंग?"

"येणारा बॉल एकाचे तीन होतात. कोणत्याला मारू सांग?" तिनं पुन्हा मनगटानं डोळे पुसले. "टाकायचा बॉल बघावा लागत न्हाई. हातातनं सुटला की झालं. तू परत टाकतीस तो सावकाश येतो, अंदाजानं धरते. म्हणून मागितलं पिचिंग."

माझ्या अंगावर काटा आला. तिच्याविषयी वाईट वाटून नव्हे, तेवढा वेळच मिळाला नाही. मला तो जानेवारीतला बॉल आठवला, जो तिच्या पायाजवळून गेला आणि ती वाकली नाही. ती वाकणार कशी? तिला तो दिसलाच नव्हता. पिचर बॅटरपासून साठ फुटांवर उभी असते. त्यातला एखादा पायाऐवजी तोंडावर आला असता तर?

"कुणी सरळ तुझ्यावर मारला तर काय करशील?"

"आजवर आला न्हाई."

"आला तर?"

 मागून पंच ओरडले, खेळणार आहात की नाही. ती म्हणाली, "जा, नारिंगी घालून ये. एवढा सामना होऊ दे. मग बघू."

मी तिथून निघाले ती होम प्लेटकडे गेलेच नाही, थेट बाकावर सरांकडे गेले. "सर, हिचा खांदा भरून आलाय. हिला काढा," मी म्हणाले. सरांनी एकदा तिच्याकडे आणि एकदा माझ्याकडे बघितलं आणि काही न विचारता दुसरी मुलगी पाठवली. ती मैदानातून बाहेर आली ती माझ्या जवळून गेली, पण माझ्याकडे तोंड केलं नाही. सामना आम्ही हरलो.

त्यानंतर मजा बघा, संशय तिच्याकडे गेला. ती बसमध्ये मागं बसायला लागली. स्टोअरला येणं बंद. आमच्या दोघींच्या ओळखीची कुणी बाई माझ्याशी बोलताना दिसली की ती लांबून थांबून बघायची, म्हणजे आम्हा दोघींच्या डागांकडे बघायची. एकदा कॅन्टीनमध्ये ताट घेऊन माझ्यापाशी आली आणि बसली नाही.

"तू सुपरवायझरला सांगितलंस का?"

"नाही."

"मग तो आज माझ्या टेबलापाशी कामून उभा होता?"

"मला काय माहीत?"

"सरांना?"

"नाही म्हटलं ना."

तिला पटलं नाही ते दिसत होतं. मला राग यायला हवा होता, पण मी तिच्या जागी असते तर मलाही पटलं नसतं. तिची नोकरी कंत्राटी होती, आणि काम काय, तर दिवसभर डोळ्यांनी बघायचं. आता तिच्या टेबलाकडे लक्ष गेल्यावर मला कळायला लागलं की ती प्रत्येक पार्ट नाकाशी धरते आणि कडेवरून नख फिरवते. इतके दिवस मी रोज तिथून जात होते. मी तिच्या चपलांपासून मेट्रोच्या जिन्यापर्यंत सगळं बघितलं होतं, हे तेवढं बघितलं नव्हतं.

महिना तसाच गेला. मग एका शुक्रवारी बसमधून उतरताना तिनं मागून माझी ओढणी धरली.

"उद्या येतीस का माझ्याबरोबर? दवाखान्यात."

मी हो म्हणाले. सोबत म्हणून गेले असं मी पुढं लोकांना सांगितलं. खरं सांगायचं तर निम्मी मी दवाखाना खरंच आहे का ते बघायला गेले होते.

दवाखाना होता. पुण्यात, मेट्रोतून उतरून थोडं चालल्यावर. डोळ्यांच्या डॉक्टर बाई माझ्याच वयाच्या होत्या. त्यांनी तिची हनुवटी एका मशीनवर टेकवली आणि पडद्यावर तिच्या डोळ्याचा रंगीत नकाशा आला. कडेनं निळा-हिरवा आणि मधोमध, जरा खाली, लाल. "हे बुबुळाचं पुढचं पारदर्शक पटल," त्या मला म्हणाल्या, "ते गोल असायला हवं. यांचं पातळ होऊन टोकदार होत चाललंय. म्हणून एका वस्तूच्या दोन-तीन दिसतात. साध्या चष्म्यानं भागत नाही." मग तिच्याकडे वळून, "डोळे चोळायचं थांबवलंत का?"

"थांबवलंय," ती म्हणाली.

"नाही थांबवलेलं," मी म्हणाले.

ती माझ्याकडे वळली आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा हसली. औषधाचे थेंब टाकून डोळा एका खास उजेडाखाली धरायचा, त्यानं बिघाड पुढं सरकायचा थांबतो. मग मोठी, कडक लेन्स बसवायची, तिच्यानं बरंच स्पष्ट दिसू शकतं, असं डॉक्टरांनी सांगितलं. हे तिला आधीही सांगितलेलं होतं. पण उपचारासाठी रजा घ्यायची तर कंपनीत कारण सांगावं लागणार, आणि कारण सांगितलं की पुढचं कंत्राट मिळणार नाही, असं तिनं आणि तिच्या नवऱ्यानं ठरवून टाकलं होतं. म्हणून ती नुसती येत होती आणि डोळा आणखी किती बिघडला ते मोजून परत जात होती.

बाहेरच्या बाकावर बसल्यावर मी विचारलं, "मग कंपनीच्या डोळे तपासणीत पास कशी झालीस?"

"रांगेत मागं थांबायचं. पुढच्या बाया मोठ्यानं वाचतात की. पाठ होतं."

"आणि मला का नाही सांगितलंस?"

 "तू तुझ्या आईवर तरी विश्वास ठेवतीस का? तुला सांगितलं असतं, तर तू पहिलं हेच म्हणली असतीस, हे मला सांगण्यात हिचा काय फायदा हाय?"

नेमका तोच विचार शुक्रवारी बसमधून उतरल्यापासून माझ्या मनात फिरत होता.

सुपरवायझरला तिनं स्वतः सांगितलं. मी दाराशी उभी होते. तो म्हणाला, "वर कळवावं लागेल." त्या 'वर'चा अर्थ आम्ही दोघींनी लावला आणि एकच लावला. त्यानंतरचे आठवडे वाईट गेले. कुणी हसून बोललं तरी तिला वाटायचं, याला माहीत आहे. मला वाटायचं, हिला गोड बोलून काढतील. शेवटी तिला काढलं नाही. रजा मिळाली, ती बिनपगारी. आणि परत आल्यावर तिला इन्स्पेक्शनवरून हलवलं, ते कुठं? स्टोअरला. माझ्या समोरच्या टेबलावर, ज्या जागेबद्दल ती जेवणाच्या सुट्टीत विचारत होती तिथं.

आईला हे कळलं तेव्हा ती कितीतरी वेळ मान हलवत होती. "मी म्हनलं न्हवतं? जागंवर डोळा हाय म्हून?" डोळ्याचीच भानगड होती, हे मी तिला समजावून सांगितलं. तिनं ऐकून घेतलं. तिचं मत बदललं नाही.

सरांचं कोडं मात्र राहिलं. एका गुरुवारी मैदान आवरताना मी त्यांना सरळ विचारलं, "तुम्हाला माहीत होतं ना?"

ते बेस उचलून पिशवीत घालत होते. "डोळ्यांचं माहीत नव्हतं. ती बॉल येऊन गेल्यावर बॅट फिरवते एवढं दिसत होतं. मला वाटलं दिवस गेले असतील, सांगत नसेल."

"मग पिचिंग का दिलंत?"

"नसतं दिलं तर घरी बसली असती."

हे ऐकायला चांगलं आहे. पण त्या वर्षी आमची पिचर लग्न होऊन नगरला गेली होती आणि सरांना पिचर हवीच होती, हेही खरं आहे. यातलं कारण कोणतं, हे मी अजून ठरवलेलं नाही. दोन्ही असतील. डोळा फुटला असता तर त्यांनी कोणतं सांगितलं असतं, असाही विचार येतो.

अशी तिची पिचिंगची कारकीर्द एका थंडीपुरती. नव्या मुलींना सांगितलं की ही आमची पिचर होती, तर त्या आम्ही थट्टा करतोय असं समजतात. त्यातले हळू बॉल मला अजून आठवतात. डोळ्यांनी बघून टाकणाऱ्या कितीतरी पिचरचे बॉल मी नंतर घेतले, त्यांना तसे जमले नाहीत. हे मी तिला सांगितलेलं नाही.

लेन्स बसल्यावर सवय व्हायला तिला वेळ लागला. आधी बोचायची, पाणी यायचं. मग ती सावकाश सरावाला यायला लागली, नुसती पळायची, कॅच घ्यायची. पावसाळा संपून मैदान वाळल्यावर एका गुरुवारी तिनं पिशवीतून बॅट काढली. एक नवी मुलगी टाकायला उभी राहिली. मी मागं बसले.

पहिला बॉल तिनं सोडला. दुसराही सोडला. मी मास्कमधून विचारलं, "दिसतोय का?"

"दिसतोय."

"किती?"

"एक. गप बस."

तिसऱ्याला तिनं बॅट फिरवली आणि आवाज आला, लाकडाला मधोमध बसल्यावर येतो तो. सगळ्याजणी ओरडल्या, भिंतीकडे हात केले. बॉल कुठवर गेला ते मला नंतर त्यांनीच सांगितलं. मी तिकडं बघितलंच नव्हतं. मी मास्क वर करून तिच्या डोळ्यांकडे बघत होते, ते बॉलच्या मागोमाग जातायत की नाही.